निजवणी

"वाकून ये गो," विशाखा आतून ओरडली. "त्यांना डोकं लावू नको."

मी उंबऱ्यातच थबकले. खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत आडवी दोरी बांधली होती आणि तिला अकरा कळसूत्री बाहुल्या टांगल्या होत्या. गणपती, सरस्वती, राम, लक्ष्मण, रावण, राक्षस, हरणं आणि सगळ्यात शेवटी, अगदी माझ्या तोंडासमोर, दाढीवाला मामा. पंख्याच्या वाऱ्यानं तो जरासा डावीकडे वळला नि परत माझ्याकडे वळला. आता गंमत बघा, ज्या मामाला घाबरून पोरं कानातले हेडफोन फेकून देत होती, त्याच्या तोंडी आवाज घालणारी बाई मी. तरी मी एक पाऊल मागं सरले.

बाहुल्यांच्या पलीकडे खाटेवर गुणाजी आबा पडले होते. उजवं अंग लुळं पडलेलं, तोंड एका बाजूला ओढलेलं, वाचा गेलेली. डोळे मात्र टक्क उघडे, त्या दोरीवर खिळलेले. मी जवळ जाऊन पायाला हात लावला तरी त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही.

"आबांचा आवाज आणलास ना?" विशाखानं विचारलं. ही त्यांची मुलगी, गावातल्या अंगणवाडीची सेविका.

"आणला की!" मी बॅगेवर थाप मारली. "आख्खा गेम आणलाय."

या गोष्टीला आता नऊ वर्षं होतील. पुण्यात आम्ही तिघांनी मिळून 'दोरी' नावाचा गेम बनवला होता. कंपनी-बिंपनी काही नाही. शार्दूल घाणेकरच्या मावशीचा रिकामा फ्लॅट, तीन खुर्च्या आणि एक कूलर. शार्दूल कोड लिहायचा, एक मैत्रीण चित्रं करायची आणि आवाजाचं काम माझं. गेम असा की तुम्ही एका बंद पडलेल्या नाट्यगृहात अडकलाय. हातात फक्त काडेपेटी. बाहुल्या तुमच्या मागावर. तुम्ही त्यांच्याकडे बघत असाल तोवर त्या गप्प लटकणार, नजर हटली की दोऱ्या करकरणार. आणि लांबून मामा हाक मारणार, "भाच्या, खंय लपलंस रे?" जीव वाचवायचा, दुसरं काही नाही. गेमला शेवट असा नव्हताच. वाचलात तर पुढचा खेळ, मेलात तर पुन्हा पहिला.

तो आवाज आबांचा. कुडाळपासून आत, कातळवाडीत, आबांच्या घरी पिढ्यान् पिढ्या बाहुल्यांचे खेळ चालत आलेले. या भेटीच्या दोन वर्षं आधी मी तिथं तीन दिवस राहून त्यांचा आवाज घेऊन आले होते. खरं सांगायचं तर 'भाच्या, खंय लपलंस रे' ही त्यांच्या खेळातली पोरांना हसवायची जागा. भाचा मामाच्याच धोतरामागं लपलेला असतो आणि मामा सगळं गाव पालथं घालतो. आम्ही ती ओळ घेतली, खाली ओढली, मागं विहिरीतला घुमारा लावला आणि झालं काम. गेम चालला. लोक खेळताना स्वतःचे व्हिडिओ टाकायला लागले, किंचाळताना, रडताना.

"माझ्या अंगणवाडीतल्या पोरांनी बघितला तो मोबाइलवर," विशाखा चहा ओतत म्हणाली. "आता मामा पडद्यावर आला की रडतात गो. आधी हसून लोळायची." तिनं हे कुरकुरीच्या सुरात म्हटलं नाही. दूध नासलं म्हणावं तसं म्हटलं.

मी गेमचं पोस्टर आणलं होतं, मोठं, चकचकीत, मामाचे डोळे लाल केलेलं. ते बॅगेतून काढलंच नाही.

"पण या अशा वर का टांगल्यात?" मी विषय बदलायला विचारलं.

विशाखानं कप खाली ठेवला. "सात महिने झाले. दसऱ्याला देवळात खेळ होता. आबांनी सगळा खेळ नीट पार पाडला. शेवटी निजवणी म्हणायला पडद्यामागं वाकले आणि तिथंच कोसळले."

"मग पेटाऱ्यात नाही ठेवल्या?"

"निजवल्याशिवाय कशा ठेवणार?" ती माझ्याकडे असं बघायला लागली, जणू मी जेवायच्या आधी हात का धुवायचे असं विचारलं होतं.

मग तिनं सांगितलं. त्यांच्या घरात खेळाआधी बाहुल्यांना उठवायचं आणि खेळ संपला की निजवायचं. निजवणी म्हणणारा एकच, ज्याच्या हातात दोऱ्या तो. एकेका बाहुलीच्या कानाशी तोंड नेऊन म्हणायची आणि त्या वेळी बाजूला हुडूक, ते डमरूसारखं वाद्य, वाजवत राहायचा, म्हणजे शब्द दुसऱ्या कुणाच्या कानावर जायला नकोत. शिकवायचीही एकदाच, पेटारा पुढच्याच्या हाती देताना.

"वीस वर्षं तो हुडूक मीच वाजवतेय," विशाखा म्हणाली. "माझ्याच वाजवण्यानं मला ती कधी ऐकू दिली नाही. दिवाळीला पेटारा माझ्या हाती देणार होते. आमच्याकडे बाईच्या हाती कधी दिला नव्हता. आबा म्हणाले, विशाखाच घेणार, कुणाला काय बोलायचं ते बोला. आणि दिवाळीच्या आधी हे."

"लिहून वगैरे?"

"सहीपुरतं येतं त्यांना. आणि हात बघ."

मी बघितला. उजवा हात गोधडीवर पडला होता, कुणीतरी विसरून गेलेल्या वस्तूसारखा.

"झोपत नाहीत गो," विशाखाचा आवाज पहिल्यांदा फाटला. "जरा डोळा लागला की दचकून उठतात आणि वर बघतात. झोपेच्या गोळ्या थुंकून टाकतात. डॉक्टर म्हणाले, आता थोडेच दिवस. मी म्हटलं, थोडे तर थोडे, पण हे असे? डोळे उघडे ठेवून? त्या निजल्याशिवाय आबा काही निजायचे नाहीत. आणि परवा मला एकदम आठवलं. तुझ्या मशीनसमोर त्यांनी म्हटली होती ना? मी पाणी भरायला गेले होते. पण आबांनीच नंतर सांगितलेलं, त्या चेडवाजवळ, म्हणजे तुझ्याजवळ, निजवणी दिलंय म्हणून." तिनं माझा हात दोन्ही हातांत धरला. "गौतमी, जगात एकाच ठिकाणी आहे ती आता. तुझ्याजवळ."

मी हळूच हात सोडवून घेतला.

ती दुपार मला लख्ख आठवत होती. काजूच्या बिया ठेवायची खोली, भिंतींना लावलेल्या गोधड्या, तिसरा दिवस. मी म्हटलं, "झालं आबा, आता आवरा." तर आबा म्हणाले, "थांब गो चेडवा. उठवलंय तर निजवूक नको?"

"म्हणा की मग. मशीन चालूच आहे."

ते मशीनकडे बराच वेळ बघत राहिले. "ह्या कोणाक आयकवतलंस काय गो?"

"नाही हो आबा. माझ्याजवळच राहील."

आणि मग त्यांनी मामाला मांडीवर घेतलं, त्याच्या कानाशी तोंड नेलं आणि म्हटली. चार मिनिटं अकरा सेकंद. एक मिनिट चाळिसाव्या सेकंदाला बाहेर झाडावरून फणस पडला, धप्प. आबांनी म्हणणं थांबवलं नाही. माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं, खोटं कशाला सांगू.

पुण्याला आल्यावर मी दोन फोल्डर केले. एक 'भीती', एक 'बाकी'. हाका, हसणं, गुरगुरणं, धापा टाकणं, सगळं भीतीत. तीनशे बारा तुकडे. गप्पा, खोकला, चहाचे घोट आणि निजवणी, बाकीत. पुढं एका प्रदर्शनात गेम दाखवायचा होता आणि आदल्या दिवशी डिस्क भरली. शार्दूल म्हणाला, "लागत नाही ते उडव." भीतीच्या गेमात अंगाईचं काय काम? मी 'बाकी' उडवलं. वर कचऱ्याची टोपलीही रिकामी केली. मी बाई तशी टापटिपीची.

हे सगळं तेव्हाच विशाखाला सांगायला हवं होतं. एवढंच म्हणायचं होतं, बाई गं, माझ्या हातून गेली. मी तोंड उघडलं आणि म्हणाले, "आहे की. जरा शोधावी लागेल."

तिनं कपाळाला हात लावून वर बघितलं, देवाकडे की त्या बाहुल्यांकडे कोण जाणे. "शोध, शोध. मी मासे टाकते तव्यावर तोवर. आबा, आयकलास? गावली!"

आबांची नजर दोरीवरून हलली नाही.

मी फणसाखाली जाऊन शार्दूलला फोन लावला. तिथं रेंज एवढीशीच यायची.

"शार्दूल, आबांच्या रेकॉर्डिंगचा बॅकअप आहे का कुठं?"

"भीतीचा? आहे की, तीन ठिकाणी."

"भीतीचा नाही रे. बाकीचा."

"बाकी तूच उडवलंस. ती अंगाई-बिंगाई होती ती ना?"

"बघ ना एकदा. जुनी डिस्क, पेन ड्राइव्ह, काहीही."

"अगं पण ती डिस्क पुसून त्यावर आपण..." तो थांबला. "गौतमी, रडतेयस तू?"

"नाही. घाम आहे," म्हटलं आणि फोन ठेवला.

मग मी आठवायचा प्रयत्न केला. मी कानाची बाई. एकदा ऐकलेला पंख्याचा खडखडाट मला वर्षानं ओळखता येतो. फणस पडला ते आठवलं, दोन मिनिटांनी कावळा ओरडला तो आठवला, आबांची धाप कुठं लागली ते आठवलं. हे सगळं काढून टाकायच्या गोष्टी म्हणून मी टिपून ठेवलं होतं. शब्द एकही आठवला नाही. एकसुद्धा नाही हो.

आतून मासे तळल्याचा वास आला. विशाखा काहीतरी गुणगुणत होती. त्या घरात सात महिन्यांत कुणी गुणगुणलं असेल असं मला वाटत नाही. मी ओट्याच्या कडेवर बसले, लॅपटॉप उघडला आणि 'भीती' उघडलं.

तीनशे बारा तुकडे. 'ये, ये भाच्या.' हे मामा पलंगाखाली वाकून म्हणतो. 'दिवो मालवलो.' हे काडी विझल्यावर. 'दार लावलंय.' हे पळायची वाट बंद झाल्यावर. 'मी तुझ्याच मागे आसंय.' हे ऐकू आलं की तुम्ही मेलात. आणि 'हयच', म्हणजे इथंच, तिसऱ्या खेळातल्या एका हाकेतलं. मी घुमारा काढला. खाली ओढलेला सूर परत वर नेला. आवाज मऊ केला, शब्दांमध्ये अंतर सोडलं. 'मी'च्या पुढचं 'तुझ्याच मागे' कापलं आणि तिथं 'हयच' जोडलं. सांधा नीट बसेना. 'मी' म्हटल्यावर श्वास अर्ध्यात तुटल्यासारखा वाटे. दहा वेळा केलं, दहाही वेळा तसंच. शेवटी घसा खाकरल्याचा एक तुकडा ताणून त्याचं गुणगुणणं केलं आणि सगळ्याच्या खाली पसरलं.

ये, ये भाच्या. दिवो मालवलो. दार लावलंय. मी… हयच आसंय.

ऐकलं आणि माझ्याच अंगावर काटा आला, कारण ते चांगलं झालं होतं. मला तेवढंच येत होतं आणि ते मी चांगलं केलं होतं.

"गावली?" दारात विशाखा उभी होती, हाताला पीठ.

"गावली. पण सगळी नाही. फाइल खराब झालीय, थोडीशीच राहिली."

"थोडी तर थोडी गो! तेवढीच पुरे."

तिनं हात धुतले, देवापुढं दिवा लावला, हुडूक काढला आणि परत ठेवून दिला. म्हणाली, "आज नको. आज मला ऐकायचीय." मी स्पीकर मामाच्या कानाशी धरला. ती म्हणाली, "मामा शेवटी. आधी गणपती." मी स्पीकर गणपतीच्या कानाशी नेला आणि लावलं.

'ये, ये भाच्या.'

आबांची नजर दोरीवरून खाली आली. सात महिन्यांत पहिल्यांदा. थेट माझ्यावर.

"बघ! ओळखला आवाज!" विशाखा रडायला लागली, हसायलाही लागली. "भाच्या म्हणतात गो त्यांना. भाचे! आणि आम्हाला कधी कळलं नाही." तिनं गणपतीच्या दोऱ्या गुंडाळल्या, त्याला छातीशी धरलं आणि पेटाऱ्यात निजवला.

"आँ," आबा म्हणाले.

"हो आबा. निजवतेय."

"आँ! आँ!" त्यांचा डावा हात खाटेच्या कडेवर आपटायला लागला. थप, थप. विशाखानं सरस्वती सोडवली. मी पुन्हा लावलं. आबांनी हात लांब करून माझं मनगट पकडलं. आजारी माणसाच्या हातात एवढी ताकद असेल असं मला वाटलं नव्हतं. त्यांच्या ओठांच्या कोपऱ्यातून लाळ आली, मानेच्या शिरा ताठ झाल्या. ते काय म्हणत होते ते त्या खोलीत एकट्या मला समजत होतं. ही ती नव्हे. थांबव हिला. त्या जाग्या आहेत, जाग्याच भरतेय ती त्यांना पेटाऱ्यात.

"आनंद झालाय त्यांना," विशाखा म्हणाली.

एक वाक्य बोलायचं होतं मला. राम गेला, लक्ष्मण गेला. प्रत्येक वेळी वाटलं, आता बोलते, ही झाली की बोलते. आणि प्रत्येक वेळी माझ्याच बोटानं ते पुन्हा लावलं. रावणापर्यंत आबा झुंजत होते. हरणांच्या वेळी माझ्या मनगटावरची पकड सैल झाली. शेवटी मामा आला तेव्हा हात खाटेवरून खाली लोंबत होता आणि आबा माझ्याकडे बघत होते. राग नव्हता त्यात. रागावले असते तर मी बोलले असते. गर्दीत हात सुटलेलं लेकरू बघतं तसे ते बघत होते.

विशाखानं झाकण लावलं. भिंतीपासून भिंतीपर्यंत नुसती दोरी राहिली.

आबांनी डोळे मिटले.

"निजले," विशाखा कुजबुजली आणि माझ्या गळ्यात पडली. "देव तुझं भलं करो गो."

चौथ्या दिवशी तिचा फोन आला. आबा झोपेतच गेले होते. अगदी शांत, असं म्हणाली ती. मी हो म्हटलं. शांत कसला, तो माणूस हरला होता. पण हे कुणाला सांगू?

पुढं सहा महिन्यांत मी गेमचं काम सोडलं. 'दोरी' अजून चालतो. मामा अजून हाक मारतो. शार्दूल मधूनमधून विचारतो, दुसरा भाग करायचा का म्हणून. मी त्याचा फोन उचलत नाही. विशाखाचेही कितीतरी फोन मी उचलले नाहीत. दरवर्षी दसऱ्याला ती बोलवायची. दरवर्षी मला ताप, लग्न, पाहुणे असं काहीतरी निघायचं.

गेल्या दसऱ्याला मात्र गेले. का गेले, सांगता येणार नाही. आता कुडाळच्या आसपास विशाखाचे खेळ लोक मुद्दाम बघायला येतात. देवळासमोर दोनशे माणूस होतं. मामा आला, भाच्याला शोधायला लागला आणि पुढं बसलेली पोरं खदाखदा हसली. गेम बघितलेली पोरं आता मोठी झाली असतील. मला इतकं बरं वाटलं की मीही हसले.

खेळ संपल्यावर विशाखानं पडद्याच्या फटीतून मला खूण केली. "आत ये. तू आपलीच."

"अगं पण निजवणी..."

"तू नसतीस तर निजवणी असती का? ये."

मी पडद्यामागं गेले. तिची भाची तन्वी, बारा-तेरा वर्षांची, हुडूक घेऊन बसली होती. विशाखा म्हणाली, "हुडूक ठेव आज. हिला मी यंदा शिकवतेय गो. माझं काही आबांसारखं व्हायला नको. शेवटच्या दिवसावर ठेवायचंच नाही." बाकीच्या बाहुल्या तिनं आधीच निजवल्या होत्या. आता शेवटी मामाला मांडीवर घेतलं, त्याच्या कानाशी तोंड नेलं.

"ये, ये भाच्या," ती म्हणायला लागली. "दिवो मालवलो. दार लावलंय." आवाज आबांचाच, अगदी तसा मऊ. शब्दांच्या मधे ते गुणगुणणं, मी खाकरण्यातून काढलेलं. "मी…" आणि तिचा श्वास अर्ध्यात तुटला, "हयच आसंय."

तन्वीनं तिच्यामागून म्हटलं, "मी हयच आसंय."

"असं नाही," विशाखानं तिला थांबवलं. "'मी' म्हटलं की श्वास तोडायचा. हय आबांचा श्वास अडकायचा. तो तसाच घ्यायचा, सरळ नाही म्हणायचं. परत म्हण."

"मी… हयच आसंय."

"हां."

मामाचे रंगवलेले डोळे पडद्यामागच्या बल्बखाली चमकत होते. विशाखानं त्याच्या दोऱ्या गुंडाळल्या, त्याला पेटाऱ्यात पालथा निजवला आणि माझ्याकडे वळली. चेहऱ्यावर घाम होता आणि ती खूश होती.

"बरोबर म्हणते ना गो मी? खुद्द आबांच्या तोंडून ऐकलेली तू एकटीच उरलीस आता."

तन्वीही माझ्याकडे बघत होती.

"हो," मी म्हणाले. "अगदी तशीच."